गाणारीचे नाव

माउलीहो, अभंगाच्या शेवटच्या चरणात ‘जनी’ ही दोन अक्षरे आली, की ते बोल कोणाचे हे वेगळे सांगावे लागत नाही. रचणाऱ्याचे नाव असे टिकते. पण नुसते गाणाऱ्याचे? फ्रान्स देशातील एका बाईची हकिगत त्यासाठीच तुमच्यापुढे ठेवतो.

बाईचे नाव दोएत, गाव त्रुवा. शँपेन प्रांतातल्या या गावी त्या काळी वर्षातून दोनदा मोठा बाजार भरे. दूरदूरचे व्यापारी येत. दरबारी आणि बाजारी फिरून गाणारे पुरुष तिकडे होते, तशा स्त्रियाही होत्या. चर्चचे धर्मगुरू त्यांना नावे ठेवीत. लोक मात्र त्यांना ऐकल्यावाचून राहत नसत.

तेराव्या शतकाच्या आरंभी झाँ रनार या कवीने ‘गियोम द दोल’ ही पद्यकथा लिहिली. तिची रीत कीर्तनकाराला ओळखीची वाटेल. कथा सांगता सांगता मध्ये पदे! चाळीसहून अधिक गाणी त्याने कथेत घातली. कापडाला तांबडा रंग चढवावा तशी ती घातली आहेत, त्यांची आठवण राहावी म्हणून, असे तो आरंभीच सांगतो. त्यातले एक गाणे सम्राट कोनराडच्या दरबारच्या प्रसंगात येते, आणि ते त्रुवाच्या सुंदर दोएतने गायिले, असे कवी नोंदवतो. एवढेच. पुढच्या लेखकांनी तेवढ्यावर तिला कवयित्री ठरवले. दंतकथा अशाच वाढतात.

मला नवल वाटते ते कवीचे. स्वतःचे नाव त्याने ग्रंथाच्या शेवटी अक्षरांत असे दडवले, की अभ्यासकांना ते शोधून काढावे लागले. गाणारीचे नाव मात्र उघड घेतले. त्या ग्रंथाची हस्तलिखित प्रत एकच उरली आहे, व्हॅटिकनच्या ग्रंथालयात. ती नष्ट झाली असती, तर हे गाणे तिच्या नावावर राहिले नसते.

पंचेचाळीस वर्षे मी कीर्तन केले. लोकांनी वाखाणलेल्या दोन चाली मी दिंडीतल्या एका वृद्ध माउलीकडून उचलल्या. चाल कोणाची, असे कोणी विचारले, तर ‘परंपरेची’ म्हणून मोकळा होत असे. त्यांचे नाव मी कधी विचारलेच नाही. आता विचारायला त्या नाहीत.

तुम्ही ज्यांच्याकडून ऐकले, त्यांचे नाव आजच विचारून ठेवा, आणि गाण्याआधी ते घ्या.

रामकृष्ण हरि.