जप्तीला विरुद्धार्थी शब्द

बदनापूर तहसिलीच्या आवारात बोजा ‘चढतो’ आणि ‘उतरतो’. बँकेचा बोजा कुणालाही कळतो. फौजदारी खटल्यातून आलेला बोजा मात्र खटला संपला तरी सातबारा सोडत नाही. आरोपी फरार घोषित झाला की न्यायालय त्याच्या मालमत्तेवर टाच आणू शकतं. हे पूर्वी 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 83 खाली होई, 1 जुलै 2024 पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 85 खाली होतं. सारा भरणारी जमीन असेल तर ही टाच जिल्हाधिकाऱ्यांमार्फत लागते आणि पायरी पायरीनं तलाठ्याच्या दप्तरात पोचते. जामीन राहिलेल्या भावकीतल्या माणसाच्या सातबाऱ्यावरही हमीचा बोजा चढतो, तो वेगळाच.

टाचेचंच दुसरं नाव ‘जप्ती’, ती मूळची अरबी, ‘ज़ब्त’ची. घट्ट धरणं, आवरणं, नेमकेपणानं नोंदणं असे तिचे अर्थ. उर्दूत डोळ्यांतलं पाणी आवरणं हेही ज़ब्तच. अकबराच्या काळात पिकाखालची जमीन मोजून सारा ठरवायच्या पद्धतीला ‘जब्ती’ म्हणत. तिथं कुणाचं काही हिरावलं जात नव्हतं, फक्त मोजलं जात होतं. (मोजणी आणि हिरावणी यांतलं अंतर रयतेला किती वाटत असेल, हा भाग निराळा.) पेशवाईच्या कागदांत ती ‘जफ्ती’ होते. याच धातूचा दुसरा मुलगा ‘जाबता’, म्हणजे नियमांची यादी. शिवकाळातला ‘कानूजाबता’ त्यातलाच. उर्दूत फौजदारी प्रक्रियेच्या संहितेचं नाव ‘जाब्ता-ए-फौजदारी’. म्हणजे ज्या कायद्यानं जमीन जप्त होते, तो कायदा आणि ती जप्ती एकाच घरातली.

ज़ब्तमधलं पहिलं अक्षर अरबीचं खास ‘दाद’. अरबी लोक आपल्या भाषेला ‘दादची भाषा’ म्हणतात. फारसीनं त्याचा ‘ज़’ केला, आपण ‘ज’. अर्ज, हजर, जामीन, काजी, कब्जा, कर्ज, सगळ्यांत तेच अक्षर दडलंय. जिल्हासुद्धा त्यातलाच, मूळ अर्थ बरगडी. बदनापूर ज्यात येतं त्या जालन्याची बरगडी औरंगाबादपासून 1 मे 1981 ला सुटी झाली.

निजामाच्या राज्यात न्यायालयाची भाषा उर्दू होती, त्यामुळे मराठवाड्याच्या कानावरून हे शब्द सरळ गेले. जुन्या जमिनीचा वाद निघाला की इथे आजही सेतवार आणि खासरा पत्रक हे जमिनीचे जुने कागद शोधतात. त्याच उर्दूत जप्त मालमत्ता सोडून देण्याला एक स्वतंत्र शब्द आहे, ‘वागुज़ाश्त’. मराठीनं जप्ती घेतली, वागुज़ाश्त तिथंच ठेवली. आपल्याकडे मग जप्ती ‘उठते’, फार तर ‘मोकळी होते’. मला हा निव्वळ योगायोग वाटत नाही. शब्द रोज कामाला येतो तोच टिकतो, आणि जप्ती येण्याचे प्रसंग जितके, तितके ती सुटण्याचे कुठे?

‘बोजा’ मात्र आपल्या मातीतला. ‘वह्’ म्हणजे वाहणं, त्यावरून प्राकृतात वोज्झ, आणि त्याच कुळात आपलं ओझं. गंमत अशी, की हे ओझं गाव नमुना सातवर लिहितात ते ‘इतर हक्क’ या रकान्यात. हक्क आहेच, पण धन्याचा नव्हे, दुसऱ्याचा.

निर्दोष सुटल्याचा निकाल तलाठ्याला आपोआप कळत नाही. निकालाची सही-शिक्क्याची नक्कल काढायची, टाच उठवल्याचा न्यायालयाचा आदेश मिळवायचा, तो तहसिलीत द्यायचा. मग फेर ओढला जातो, मंडळ अधिकारी तो मंजूर करतात. पूर्वी अशी संपलेली नोंद कंसात टाकत, आणि तलाठ्याकडचा कंस न वाचता येणाऱ्याला बोजा जिवंतच वाटे. 2020 च्या नव्या नमुन्यात कंस गेला, आडवी रेष आली. रेषेखालचं अक्षर वाचता येतं, पण ते मेलंय हे कळतं. ही सुधारणा मला पटते.

अर्जाचा विषय मात्र अजून तोच: ‘बोजा कमी करणेबाबत’. सगळाच काढायचा असतो, तरी लिहायचं ‘कमी’. कुणी ‘समूळ काढणेबाबत’ लिहिलं, तर खिडकीतला कारकून अर्ज परत करेल की काय, अशी धास्ती असावी.