जातं, टाकी आणि कॅमेरा

लुप्त होत चाललेल्या ग्रामीण व्यवसायांवरची डॉक्युमेंटरी म्हटली की पहिली दोन मिनिटं न बघताच सांगता येतात. सुरकुतलेल्या हातांचा क्लोजअप, मागे बासरी, मग खर्जातला आवाज: ही कला आता शेवटच्या घटका मोजत आहे... शेवटच्या पाट्यांत दिग्दर्शकाचं नाव असतं, गाडीच्या ड्रायव्हरचंही असतं. कारागिराचं असेलच असं नाही.

माध्यम म्हणून फिल्मला तोड नाही, हे मान्यच. दादासाहेब फाळक्यांनी पौराणिक चित्रपटांबरोबर छोटे माहितीपटही केले होते, त्यातला एक तळेगावच्या काच कारखान्यावर होता. बाजीराव रोडवरच्या केळकर संग्रहालयात अडकित्ते बघताना हे फार जाणवतं. वस्तू समोर आहे, पण लोहार तापलेलं लोखंड नेमकं कुठल्या रंगाला ऐरणीवर घ्यायचा ते कपाटात ठेवता येत नाही. ते कॅमेराच टिपू जाणे.

पण हात टिपताना हिशेब सुटतो. त्रिंबक नारायण आत्रे यांचं 'गावगाडा' 1915 साली आलं. बलुतेदारांची ती एक प्रकारे डॉक्युमेंटरीच, फक्त कागदावरची. सुगीला कोणाला किती धान्य, कोण कोणावर ओझं, हे सगळं त्यात आहे आणि भाबडेपणा जवळजवळ नाही. सदाशिव पेठेत 1910 मध्ये भारत इतिहास संशोधक मंडळ सुरू झालं आणि जुने मोडी कागद जमवायची आपल्याकडे सवय लागली. अशा कागदांत वतनाचे तंटे भरपूर सापडतात. तिथला कारागीर गूढ कलावंत वगैरे नसतो, हक्कासाठी भांडणारा माणूस असतो.

आणि काहींना तो 'हक्क' नकोच होता. बाबासाहेबांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात महार वतनाच्या जाचाविरुद्ध विधेयक आणलं. ही कनिष्ठ वतनं कायद्याने रद्द व्हायला 1958 उजाडलं. जे काम माणसाने सुटलो एकदाचा म्हणून टाकलं, त्यावर आपण बासरी वाजवायची का? दया पवारांचं 'बलुतं' (1978) वाचलेल्याला हा प्रश्न पडतोच.

याचं बऱ्यापैकी उत्तर पुण्यातच सापडतं. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हाँ (मूळचे फ्रेंच, इथेच स्थायिक झालेले) यांनी ऐंशीच्या दशकापासून जात्यावरच्या ओव्या गावोगावी गोळा करायला सुरुवात केली. दळण हा 'व्यवसाय' नाही म्हणाल, पण पहाटे उठून रोज तास-दोन तास खुंटा ओढणं हे काम नाही तर काय? गावात गिरणी आली, काम संपलं, बायका सुटल्या. आणि कामाबरोबर गाणंही गेलं, कारण ते त्या फिरण्याच्या लयीतच सुचायचं. जमलेल्या ओव्यांचा आकडा लाखाच्या वर आहे. नव्वदच्या दशकात संगणकतज्ज्ञ आणि संगीत-अभ्यासक बर्नार्ड बेल यांनी 120 तासांहून जास्त ध्वनिमुद्रण केलं आणि डेटाबेस बांधला. (मेटाडेटा नीट भरणारी माणसं बघितली की आमच्यासारख्यांना भरून येतं!)

पॉइटव्हाँ 2004 मध्ये गेले, हेमाताई 2010 मध्ये. 2017 पासून 'पारी' या संकेतस्थळाने या ओव्या प्रकाशित करायला घेतल्या आणि व्हिडिओ कॅमेरा घेऊन मंडळी परत त्या गावांत गेली. इथे खरी गंमत आहे. गाणाऱ्या बाईचं नाव, गाव, जात, वय, मुलंबाळं, कामधंदा, सगळं ओवीखाली लिहिलेलं असतं. बीड जिल्ह्यात माजलगावच्या भीमनगर वस्तीतल्या बायका बाबासाहेबांवर ओव्या गातात, आणि त्या कोण, त्या हे का गातात, ते शेजारीच कळतं. कष्टाचं, सासुरवासाचं रडगाणंही त्यांच्याच तोंडून येतं. खर्जातल्या आवाजाची गरजच पडत नाही.

कॅमेऱ्यासाठी पुन्हा जात्यावर बसणं हा शेवटी डेमोच, पण तो डेमो आहे हे त्या बाईलाही माहीत असतं आणि बघणाऱ्यालाही.

या सगळ्यात एक माणूस मात्र कडेलाच राहतो: जात्याला टाकी लावणारा. दळून दळून दगड गुळगुळीत झाला की पीठ जाडंभरडं पडतं. मग हा माणूस छिन्नी-हातोडीने तळीवर बारीक खळगे पाडून तिला पुन्हा खरखरीत करायचा. त्याची आरोळी पुण्याच्या पेठांतून फिरलेली आहे. बाईकडे निदान ओवी होती, याच्याकडे नुसती टकटक.

लग्नात हळदीच्या विधीला अजून जातं लागतं. पेठेतल्या कार्यालयात ते रंगवून, सुपारी बांधून मांडलेलं असतं. त्याला टाकी कधी लावली होती, हे तिथे कोणी विचारत नाही.