उन्हाळा, गोचीड आणि उसनी औषधे : यवतमाळच्या कुत्र्यांची चिकित्सा

वर्धा आणि पैनगंगा या नद्यांच्या खोऱ्यांत वसलेल्या यवतमाळ जिल्ह्यात मे महिन्यात पारा 45 अंशांच्या घरात जातो आणि गोचीड, पिसवा व लूत यांनी कुत्री बेजार होतात. राखणीला आणि कळपामागे कुत्रा येथे पिढ्यानपिढ्या राबला. तरीही त्याच्या कातडीला लाभलेली औषधे बहुतांशी बैलासाठी किंवा पिकासाठी आणलेली होती, आणि या उसनवारीची बरीवाईट फळे त्यालाच भोगावी लागली.

रेल्वे येण्यापूर्वी धान्य व मीठ वाहणाऱ्या बंजाऱ्यांच्या तांड्यांत, म्हणजे बैलांसह फिरणाऱ्या वस्त्यांत, रात्रीची राखण कुत्र्यांवर असे. रसेल व हिरालाल यांच्या मध्य प्रांतातील जातीजमातींवरील 1916 च्या ग्रंथात बंजाऱ्याच्या इमानी कुत्र्याची दंतकथा नोंदलेली आहे. गुरांच्या जखमांना लावायचे करंजाचे तेल कुत्र्याच्या चट्ट्यांनाही लावत, कडुलिंबाचा पाला उकळलेल्या पाण्याने त्याचे अंग धूत आणि लुतीवर तेलात गंधक खलून चोळत. लूत म्हणजे कातडीत बिळे करणाऱ्या सूक्ष्म किडींमुळे होणारी खरूज. गंधकाने त्या किडी मरत असल्याने हा उपचार निराधार नव्हता.

गोचिडीपुढे मात्र केवळ अंगाला तेल चोळणे अपुरे ठरे. कानामागे वा बोटांच्या बेचक्यात रक्त पिऊन टम्म फुगलेली मादी गळून पडते, भिंतीच्या भेगेत शिरते आणि तेथे हजारो अंडी घालते. उष्णतेत ही वाढ झपाट्याने होते. त्यामुळे कुत्र्याची जागा झाडणे, भिंतींच्या भेगा लिंपणे आणि चुना देणे हाही उपचाराचाच भाग ठरतो.

इंग्रजी अमलात पुण्यात 1889 मध्ये जीवाणुशास्त्रीय प्रयोगशाळा निघाली, परंतु सरकारी पशुवैद्यकाचा रोख बुळकांडीसारख्या गुरांच्या साथींवर आणि घोड्यांवर होता. स्वातंत्र्यानंतर बीएचसी ही कीटकनाशक भुकटी पिकांवर आणि गुरांच्या गोचिडींवरही वापरली गेली. कुत्रा अंग चाटतो, म्हणून अशी भुकटी कातडीवरून थेट त्याच्या पोटात जाते. भारतात तिच्यावर 1997 मध्ये बंदी आली. कपाशीवरील फवारणीने 2017 मध्ये याच जिल्ह्यात अनेक शेतकरी व शेतमजूर दगावले, तेव्हा शेतातले विष प्राण्याच्या अंगावर का ओतू नये, हे वेगळे सांगण्याची गरज उरत नाही.

त्याआधी, 1981 मध्ये बाजारात आलेले आयव्हरमेक्टिन हे परजीवीनाशक औषधही प्रथम गुराघोड्यांसाठीच होते. त्याच्या शोधासाठी कॅम्पबेल व ओमुरा यांना 2015 चे नोबेल मिळाले. मात्र कोली या मेंढपाळी वंशाच्या अनेक कुत्र्यांत जनुकीय दोषामुळे हे औषध मेंदूत शिरते आणि बैलाच्या हिशेबाने दिलेली मात्रा प्राणघातक ठरू शकते.

म्हणूनच कातडीचा खरवड सूक्ष्मदर्शकाखाली तपासून मगच औषध ठरवणे, वजनानुसार मात्रा देणे, माणसाच्या साबणाऐवजी कुत्र्यासाठीचा शाम्पू वापरणे, अंघोळीनंतर केस कोरडे करणे, आणि सावली व पाणी पुरवणे ही आजची शिस्त आहे. ती पाळणे म्हणजे शतकानुशतके उसन्या औषधावर जगलेल्या या प्राण्याला अखेर स्वतंत्र रुग्ण म्हणून मान्यता देणे होय, आणि ही मान्यता गावोगाव पोहोचायला हवी.