गुल्हाने, संदेश

स्कॉटलंडमधील काँझर्व्हेटिव्ह (हुजूर) पक्षाचे मराठी वंशाचे राजकारणी व डॉक्टर. जन्म लंडन येथे. वैद्यकीय शिक्षणानंतर ते ग्लासगो परिसरात जनरल प्रॅक्टिशनर म्हणून काम करू लागले. मे 2021 मध्ये ग्लासगो विभागाच्या प्रादेशिक यादीतून ते स्कॉटिश पार्लमेंटवर निवडून आले. 129 सदस्यांच्या या सभागृहातील 56 जागा अशा याद्यांमधून, पक्षांना मिळालेली मते व त्यांनी मतदारसंघांत जिंकलेल्या जागा लक्षात घेऊन भरल्या जातात. गुल्हाने व पॅम गोसल हे तेथील पहिले भारतीय वंशाचे सदस्य होत. त्याच वर्षी पक्षाने त्यांना आरोग्यविषयक प्रवक्ते नेमले. सदस्य असतानाही त्यांनी रुग्णसेवा सोडली नाही. 2024 मध्ये ईस्ट रेनफ्र्यूशरमधून त्यांनी ब्रिटिश संसदेची निवडणूक लढवली. तीत ते पराभूत झाले.