रेणुवस्तुमान
रेणुवस्तुमान म्हणजे पदार्थाच्या एका रेणूतील सर्व अणूंच्या अणुवस्तुमानांची बेरीज होय. उदाहरणार्थ, पाण्याचे रेणुवस्तुमान (२ × १) + १६ = १८ डाल्टन आहे. आयनिक संयुगांत सुटे रेणू नसतात. त्यांच्या बाबतीत या बेरजेस सूत्र वस्तुमान म्हणतात. तीत स्फटिकजलही धरावे लागते. नाशिक परिसरातील द्राक्षबागांत फवारल्या जाणाऱ्या बोर्डो मिश्रणात मोरचूद, म्हणजे सजल कॉपर सल्फेट वापरतात. निर्जल कॉपर सल्फेटचे सूत्र वस्तुमान ६३.५ + ३२ + (४ × १६) = १५९.५ आहे. मोरचुदाच्या प्रत्येक सूत्र एककात पाण्याचे ५ रेणू असल्याने त्याचे सूत्र वस्तुमान १५९.५ + (५ × १८) = २४९.५ होते. त्यामुळे १ किलोग्रॅम शुद्ध मोरचुदात तांबे सुमारे २५५ ग्रॅम असते. स्फटिकजल वगळल्यास हेच उत्तर ३९८ ग्रॅम असे चुकीचे येते.