पुसलेल्या टेपा

परवा नातवाला म्हटलं, सई परांजपेंचं काहीतरी लाव रे. त्याने मोबाईलवर 'चष्मेबद्दूर' लगेच काढून दिला. मग मी म्हटलं, आता त्यांनी मुंबई दूरदर्शनच्या उद्घाटनाला केलेला कार्यक्रम शोध, २ ऑक्टोबर १९७२ चा. बराच वेळ खटपट केली बिचाऱ्याने. नाही सापडला.

सिनेमावाल्या म्हणून सगळे त्यांना ओळखतात. मला मात्र त्या आधी टीव्हीच्या बाई वाटतात. वयाच्या आठव्या वर्षी 'मुलांचा मेवा' हे पुस्तक छापून आलेली ही मुलगी, रँग्लर परांजप्यांची नात, शकुंतलाबाईंची लेक. पुणे आकाशवाणीवर निवेदिका झाली, मुलांचे कार्यक्रम केले. मग राष्ट्रीय नाट्य विद्यालय, आणि मग दिल्लीचं दूरदर्शन. तेव्हा टीव्ही हे आकाशवाणीचंच शेंडेफळ होतं, ते वेगळं झालं १ एप्रिल १९७६ ला. दिल्लीच्या त्या टीव्हीवर अगदी सुरुवातीला, १९५९ साली, बीबीसीत शिकून आलेले आपले पु. ल. होते आणि नेहरूंची मुलाखतही त्यांनी घेतली होती, हे किती जणांच्या लक्षात आहे? पुलंचं बाकी सगळं पाठ असतं आपल्याला!

सईबाईंचा 'द लिट्ल टी शॉप' हा टीव्हीसाठी केलेला छोटा चित्रपट. त्याला १९७२ साली तेहरानला आशियाई प्रसारण संघाचं बक्षीस मिळालं. त्याच वर्षी मुंबई केंद्राच्या पहिल्या कार्यक्रमासाठी त्यांची निवड झाली.

मला वाटतं, त्यांच्या सिनेमाची शाळा ही. टीव्हीचा पडदा लहान, पैसा बेताचा, स्टुडिओ एवढासा. डोंगरदऱ्या, हाणामाऱ्या दाखवायची सोयच नाही. मग राहतं काय? माणसांचं बोलणं. 'चष्मेबद्दूर'ची गोष्ट तर त्यांनी आधी टीव्हीसाठीच केली होती. साबणाची पावडर विकायला दारात आलेली मुलगी आणि भांबावलेला फारुख शेख, दोघं नुसती बोलतात आणि आपण हसत बसतो. 'कथा'तल्या चाळीचंही तेच. (माझ्या मते 'कथा' सरस आहे. पण घरात यावर एकमत नाही.) 'स्पर्श'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, नाव झालं, तरी १९८४ ला त्या 'अडोस पडोस' घेऊन पुन्हा टीव्हीवर आल्याच.

पण 'स्पर्श' आज बघता येतो. त्याच बाईंनी दिल्लीत वर्षानुवर्षं जे केलं त्यातलं किती बघता येतं? त्या काळी टेप परदेशातून यायची, महाग असायची. जुना कार्यक्रम पुसून त्याच टेपवर नवा घ्यायचा. कुणाचा वाईट हेतू नव्हता. तिकडे बीबीसीनेही तेच केलं, 'डॉक्टर हू' या त्यांच्या लाडक्या मालिकेचे कितीतरी भाग असेच गेले. सिनेमाची रिळं निर्मात्याला विकायची असतात म्हणून तो जपतो. टीव्हीचा कार्यक्रम एकदा दाखवला की झालं.

मी पस्तीस वर्षं फळ्यावर लिहिलं आणि तास संपला की डस्टरने पुसलं. त्यामुळे मला हे जरा जास्तच लागतं म्हणा. सईबाईंनी 'सय' लिहिलं म्हणून त्यांची हकीकत तरी कागदावर आहे. 'गजरा' करणारे विनायक चासकर, 'चिमणराव' करणाऱ्या विजया जोगळेकर-धुमाळे, यांची नावं आजच्या मुलांना सांगायची तर दाखवायचं काय?

असो. शेवटी नातवाने विचारलं, "आजी, पण त्या उद्घाटनाच्या कार्यक्रमात होतं तरी काय? तू पाहिला असशील ना?"

कुठून पाहणार? पुण्याला टीव्ही दिसायला लागला तो १९७३ मध्ये, सिंहगडावर मनोरा उभा राहिल्यावर. मग सांगवीत एकेका घरावर अँटेना चढायला लागली, सगळ्यांची तोंडं सिंहगडाकडे. १९७२ च्या त्या संध्याकाळी आमच्याकडे रेडिओ चालू होता.