नाच्याचं नाव

आंबागडच्या किल्ल्याला नावांची कमतरता नाही. देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह, त्याच्या वतीने सुमारे १७०० साली हा किल्ला बांधणारा राजखान पठाण, पुढे नागपूरकर भोसले. भोसल्यांच्या काळात इथे कैदी ठेवत. आतल्या अंधाऱ्या विहिरीचं कुजकं पाणी पाजून त्यांना मारत, अशी कथा आहे आणि तीही छापून आली आहे. म्हणजे विहिरीचीसुद्धा नोंद झाली.

किल्ल्याच्या पायथ्याच्या गावांतून दर हिवाळ्यात खडी गंमत उभी राहायची. तिची नोंद शोधायला गेलं की हाताला फार थोडं लागतं आणि त्यातही एक जागा नेमकी कोरी सापडते. ही कोरी जागा नाच्याची.

ज्यांनी झाडीपट्टी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. भंडारा, गोंदिया, गडचिरोली आणि चंद्रपूरचा काही भाग ही आमची झाडीपट्टी. धान घरात आलं, दिवाळी झाली, की गावोगाव मंडई भरते. जिलेबी, बांगड्या, पाळणे आणि रात्री दंडार, नाटक किंवा खडी गंमत. खडी म्हणजे उभी. शाहीर, ढोलकीवाला, टाळकरी सारे उभ्यानेच गातात आणि त्यांच्यात लुगडं नेसलेला, पायात चाळ बांधलेला एक पुरुष नाचतो. दोन पार्ट्या समोरासमोर आल्या तर 'दुय्यम'. मग सवाल-जवाबात पहाट होते. शाहिराचं नाव पंचक्रोशीत गाजतं. पार्टी त्याच्याच नावाने ओळखली जाते. नाच्याला मात्र लोक 'फलाण्या शाहिराचा नाच्या' म्हणतात.

इथे एक घाई टाळायला हवी. आजकाल जुन्या पिढीतला कुणी नाच्या दिसला की त्याला लगेच समलैंगिक किंवा पारलिंगी ठरवून इतिहासात बसवण्याची हौस काही अभ्यासकांना आहे. हे बरोबर नाही. कितीतरी नाचे चार एकर धानाची शेती करणारे, लेकराबाळांचे बाप होते. स्त्रिया मंचावर येत नव्हत्या म्हणून कुणीतरी लुगडं नेसायचंच होतं. बालगंधर्वांनी नेसलेल्या शालूचं आपण कौतुक करतो, त्यांच्याविषयी असले प्रश्न विचारत नाही, आणि खेड्यातल्या नाच्याला मात्र 'बायल्या' म्हणून मोकळे होतो. हा भेद जातीचा आणि पैशाचाही आहे. पण उलट्या बाजूची घाईही तितकीच चुकीची. लुगडं ही ज्यांच्यासाठी नुसती गरज नव्हती, वर्षातून चार महिने तरी मनासारखं जगण्याची ती एकच परवानगी होती, अशीही माणसं त्या रांगेत होती. कोण कुठल्या बाजूचं, हे आज कागदावरून ठरवता येत नाही, कारण त्यांना कुणी विचारलंच नव्हतं.

आमच्याकडच्या एका म्हाताऱ्या नाच्याला मी एकदा विचारलं होतं. विचारलं म्हणजे कॉलेजातल्या पोराने विचारावं तसं, आगाऊपणे. ते ओसरीवर सुतळी वळत बसले होते. हात न थांबवता म्हणाले, "लुगडं नेसलो का बाई, सोडलं का मानूस. मंधात का आहे, थे कोनीच पुसलं नाही, बाबू."

कागद अजिबात नाहीत असंही नाही. मराठी राज्यात हिजड्यांना (दफ्तरातला शब्द हाच आहे) गावोगाव भिक्षा मागण्याचे वंशपरंपरागत हक्क होते. काहींना रोख नेमणूक होती, काहींकडे इनाम जमिनीही होत्या. वंश म्हणजे अर्थात रक्ताचा नव्हे. हक्क गुरूकडून चेल्याकडे जायचा आणि सरकार ते मान्य करायचं. मुंबई इलाख्यात कंपनी सरकारने एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला इनामांची तपासणी सुरू केली, तेव्हा हे हक्क साहेबाच्या डोळ्यांत खुपले. असल्या लोकांना सरकारने पैसा का द्यावा, आणि चेला हा वारस कसा, असे दोन प्रश्न निघाले. ज्याच्याकडे हक्क आहे त्याच्या हयातीपर्यंत चालू द्यावा, पुढे नाही, अशा वळणाने ते संपवले गेले. म्हणजे ज्या कागदांमुळे ही माणसं आपल्याला दिसतात, ते त्यांना वगळण्यासाठी लिहिलेले कागद आहेत.

आमचा भाग तेव्हा भोसल्यांकडे होता. १८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी वारले, राज्य खालसा झालं आणि १८६१ साली मध्य प्रांत तयार झाला. पाठोपाठ १ जानेवारी १८६२ पासून भारतीय दंड संहिता लागू झाली, तिच्यात कलम ३७७. मग १९१६ साली आर. व्ही. रसेल यांचे मध्य प्रांतातल्या जाती-जमातींवरचे चार खंड निघाले. रायबहादूर हिरालाल त्यांचे सहायक होते. तिसऱ्या खंडात अकारविल्हे हलबा, हलवाई, हटकर येतात आणि त्यांच्यापाठोपाठ 'हिजडा'. एका बाजूला विणकर आणि मिठाईवाले, दुसऱ्या बाजूला पुढची जात आणि मध्ये ही माणसं, तीही एक जात म्हणून. साहेबाला खण हवा होता, त्याने खण केला. नाच्या मात्र त्यात कुठेच बसेना. तो रात्री एक आणि सकाळी दुसरा.

हा खणांचा खेळ फक्त आपल्याकडे झाला असं नाही. अमेरिकेतली गोष्ट सांगतो आणि तिचा एक धागा नागपूरमधून जातो. १९५३ ते १९५६ या काळात जेम्स लॉसन नावाचे कृष्णवर्णीय तरुण नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात शिकवत होते आणि गांधींचा सत्याग्रह समजून घेत होते. नागपूर तेव्हा मध्य प्रदेशची राजधानी होती. मॉन्टगोमेरीच्या बस बहिष्काराची बातमी त्यांनी नागपुरातल्याच वर्तमानपत्रात वाचली. त्याच सुमारास, फेब्रुवारी १९५६ मध्ये, बेयार्ड रस्टिन मॉन्टगोमेरीला मार्टिन ल्यूथर किंग यांच्याकडे पोचले. रस्टिन १९४८ साली भारतात येऊन गेले होते. किंग यांच्या घरात तेव्हा संरक्षणासाठी बंदुका होत्या. अहिंसा हे नुसतं भाषण नाही, शिस्त आहे, हे किंग यांना पटवणाऱ्यांत रस्टिन पुढे होते.

रस्टिन समलैंगिक होते आणि लपवत नव्हते. १९५३ साली कॅलिफोर्नियातल्या पॅसाडेना इथे त्यांना त्यावरून अटक झाली, शिक्षा झाली, आणि ज्या शांततावादी संघटनेत ते काम करत होते तिथली जागा गेली. मॉन्टगोमेरीतूनही त्यांना लवकरच काढता पाय घ्यावा लागला. आंदोलनाची बदनामी होईल अशी सहकाऱ्यांना भीती होती. १९६० साली तर अॅडम क्लेटन पॉवेल या कृष्णवर्णीय खासदाराने किंग आणि रस्टिन यांच्यात संबंध असल्याची खोटी वावडी उठवण्याची धमकी दिली. रस्टिन बाजूला झाले. किंग यांनी त्यांना थांबवलं नाही. थोर माणसाच्या चरित्रातली ही ओळ वाचताना मला आजही ठेच लागते.

तीन वर्षांनी वॉशिंग्टनचा मोर्चा ठरला तेव्हा तो उभा करू शकेल असा माणूस पुन्हा एकच होता. दोन महिन्यांपेक्षा कमी वेळात रस्टिन यांनी बसगाड्या, पिण्याचं पाणी, संडास, ध्वनिक्षेपक सगळं बसवलं. सँडविचमध्ये मेयोनीज घालू नका, उन्हात खराब होतं, इथपर्यंत सूचना होत्या. ज्याने गावची मंडई किंवा भागवत सप्ताह उभा केला आहे त्याला या कामाचं मोल कळेल. मोर्च्याच्या काही दिवस आधी सिनेटर स्ट्रॉम थर्मंड यांनी भर सभागृहात पॅसाडेनाची अटक वाचून दाखवली. या वेळी ज्येष्ठ कामगार नेते ए. फिलिप रँडॉल्फ मागे हटले नाहीत. २८ ऑगस्ट १९६३ ला सुमारे अडीच लाख लोक जमले. किंग यांचं भाषण जगाने पाठ केलं. रस्टिन 'अमुक मोर्च्याचे संयोजक' झाले, आणि ते नावही पुढे कितीतरी वर्षं शाळेच्या पुस्तकांतून वगळलेलंच राहिलं. १९८७ साली ते वारले. राष्ट्राध्यक्षांचं स्वातंत्र्यपदक २०१३ साली मिळालं. पॅसाडेनाच्या शिक्षेला माफी २०२० साली.

हे विस्ताराने सांगितलं ते अमेरिका पुढे आणि आपण मागे हे दाखवायला नव्हे. त्यांच्या सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारे कायदे १९८६ साली उचलून धरले आणि २००३ साली रद्द केले. आपल्याने २०१३ साली ३७७ उचलून धरलं आणि ६ सप्टेंबर २०१८ ला सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या संबंधांपुरतं रद्द केलं. वळणं सारखीच आहेत. फरक दुसरीकडे आहे. १९६९ च्या स्टोनवॉल उठावानंतर तिथल्या लोकांनी आपले कागद स्वतः जमवायला घेतले. न्यूयॉर्कमध्ये १९७४ साली सुरू झालेलं लेस्बियन स्त्रियांचं दफ्तर जोन नेसल यांच्या घरातल्या कोठीच्या खोलीत होतं. पत्रं, फोटो, डायऱ्या, बिल्ले. पोलिसांच्या नोंदीला उत्तर म्हणून दुसरी नोंद.

मराठीत हे काम उशिरा सुरू झालं, पण झालं. पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी २००२ साली समपथिक ट्रस्ट काढला आणि या विषयावर साध्या मराठीत पुस्तकं लिहिली. लक्ष्मीनारायण त्रिपाठी यांच्या आत्मकथनाच्या मुखपृष्ठावर रसेलच्या खंडातला तोच शब्द आला, पण त्याच्या आधी 'मी' होता. २०११ च्या जनगणनेत स्त्री-पुरुषांखेरीज 'इतर' असा रकाना आला आणि महाराष्ट्रात ४०,८९१ जण त्यात मोजले गेले. २०१८ च्या फेब्रुवारीत नागपूरच्या लोकअदालतीत विद्या कांबळे पॅनेलवर बसल्या. जळगाव जिल्ह्यातल्या भादली बुद्रुकला अंजली पाटील यांनी महिला राखीव जागेवर अर्ज भरला, तो बाद झाला. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने तो मान्य केला आणि जानेवारी २०२१ मध्ये त्या ग्रामपंचायतीवर निवडून आल्या. कलेक्टर कचेरीत चेला वारस कसा असं विचारलं गेलं होतं, त्याला तोवर दीडशेहून अधिक वर्षं झाली होती.

खडी गंमत अजून आहे. मंडईच्या बोर्डावर आता नाचणाऱ्या मुलींची नावं येतात, फोटोही येतात. लुगडं नेसणारे पुरुष कमी झाले.

सुतळी वळणारे ते म्हातारे गेले. हा लेख लिहायला घेतला तेव्हा मी त्यांच्या मुलाकडे गेलो. चाळ घरात होते, धान्याच्या कोठीवर, जुन्या धोतराच्या फडक्यात बांधलेले. त्याने ते सोडून दाखवले, चहा पाजला, बापाचा आवाज किती गोड होता ते सांगितलं. निघताना गाडीपर्यंत आला आणि म्हणाला, "दादा, लिवा खुशाल. पन बाबाचं नाव नोका टाकू. पोरीचं लग्न जमून राह्यलं."

म्हणून ते इथे नाही.